कर्झनच्या लेकी

लॉर्ड कर्झन म्हटलं की आपल्याला आठवते ती बंगालची फाळणी. जुन्या पुणेकरांना त्यासोबत नामदार गोखलेही आठवतील. डिसेंबर १९०५ मध्ये बनारसच्या काँग्रेसमध्ये अध्यक्षपदावरून बोलताना गोखल्यांनी कर्झनच्या कारभाराला जोड शोधायला थेट औरंगजेबाचा काळ गाठला होता. याच कर्झनच्या कायदेमंडळात बसून त्यांनी युनिव्हर्सिटी बिलाला विरोध केलेला होता, त्यामुळे ती तुलना नुसती व्यासपीठावरची फटकेबाजी नव्हती. व्हाइसरॉय कर्झनवर आपल्याकडे लिहून झालं आहे. त्याच्या घराकडे मात्र आपण फारसे वळलो नाही, आणि खरी गंमत तिथेच आहे.

जॉर्ज नॅथानिएल कर्झन ११ जानेवारी १८५९ रोजी डर्बीशायरमधल्या केडलस्टन हॉल या वाड्यात जन्मला. बाप सरदार आणि गावच्या चर्चचा धर्मोपदेशकही. पोरं अकरा, जॉर्ज थोरला मुलगा. पोरं वाढली ती मिस पॅरामन नावाच्या गव्हर्नेसच्या हाताखाली. तिच्या शिक्षा कर्झनने पुढे स्वतःच लिहून ठेवल्या आहेत. खोटं बोलल्याबद्दल मला फोडून काढायला छडी तयार कर, अशी चिठ्ठी तिने त्यालाच घरच्या बटलरला लिहायला लावली होती. अंगात परकर, डोक्यावर उंच टोपी आणि तिच्यावर ‘खोटारडा’, ‘भित्रा’ असली बिरुदं, अशा थाटात गावातून फिरवलंही. पुढे पाठीच्या दुखण्याने आयुष्यभर पट्टा आवळावा लागला. त्याचा तो ताठा काही अंशी त्या पट्ट्याचाही होता, एवढं त्याच्या बाजूने म्हणायला हवं.

घराणं जुनं होतं, पण कर्झनच्या महत्त्वाकांक्षेला पुरेल एवढा पैसा त्याच्या हाती नव्हता. तो आला शिकागोहून. लेव्ही लायटर हा मार्शल फील्डचा एकेकाळचा भागीदार, दुकानदारीत गब्बर झालेला. त्याची मुलगी मेरी हिच्याशी कर्झनने १८९५ मध्ये वॉशिंग्टनला लग्न केलं. तीन वर्षांनी व्हाइसरॉयपद मिळालं तेव्हा त्याने किताब घेतला तो आयर्लंडच्या सरदारीचा. ब्रिटिश किताब घेतला असता तर कॉमन्सचं दार कायमचं बंद झालं असतं. परतीची वाट त्याने मोकळी ठेवली. कलकत्त्याचं गव्हर्नमेंट हाउस शंभर वर्षांपूर्वी केडलस्टनच्याच नकाशावरून बेतलेलं, म्हणजे पठ्ठ्या राहायला आला तो जणू स्वतःच्याच घराच्या नकलेत. १९०३ च्या दिल्ली दरबारात मेरीने घातलेला मोरपिशी झगा आज केडलस्टनमध्ये आहे. जरीचं भरतकाम आपल्याकडच्या कारागिरांचं, शिवण पॅरिसच्या वर्थची. मोराच्या प्रत्येक डोळ्यावर भुंग्याच्या हिरव्या पंखाची टिकली आहे.

मुली तीन झाल्या: १८९६ मध्ये आयरीन, १८९८ मध्ये सिंथिया आणि १९०४ मध्ये अलेक्झांड्रा. धाकटीचं मधलं नाव नालदेरा, सिमल्याजवळच्या त्या ठिकाणावरून. मुलाची आस दोघांनाही होती. ती पुरी न होताच १९०६ च्या जुलैत मेरी गेली, अवघ्या छत्तिसाव्या वर्षी. १९११ मध्ये कर्झनला नवे किताब मिळाले, तेव्हा त्यातल्या रेव्हन्सडेल या बॅरनीला पुढची तरतूद जोडलेली होती: मुलगा नसल्यास ती मुलींकडे जावी. १९१७ मध्ये त्याने ग्रेस डगन या श्रीमंत विधवेशी दुसरं लग्न केलं. तरी वारस आला नाही.

आता याच माणसाचं सार्वजनिक काम पाहा. स्त्रियांना मताधिकार मिळू नये म्हणून जी संघटना इंग्लंडात उभी राहिली, तिचं अध्यक्षपद १९१२ पासून कर्झनकडे होतं. बायकांना मत का देऊ नये याची पंधरा कारणं त्याने छापून वाटली होती. जानेवारी १९१८ मध्ये तिशीवरच्या स्त्रियांना मत देणारं कलम लॉर्ड्ससमोर आलं, तेव्हा तो सभागृहाचा नेता होता. त्याने विरोधात भाषण केलं, आणि शेवटी सांगितलं की कॉमन्सशी भांडण नको, मी स्वतः मत देणार नाही. कलम १३४ विरुद्ध ७१ मतांनी मंजूर झालं. संघटनेतल्या बायकांनी त्याला दगाबाज ठरवलं. मला तो दगा वाटत नाही. हरलेली लढाई ओळखण्याइतका तो शहाणा होता. एवढा शहाणपणा बंगालच्या वेळी दाखवला असता, तर गोखल्यांना औरंगजेब आठवला नसता.

घरातली लढाई मात्र पैशावरून झाली. लायटरच्या संपत्तीतलं मुलींच्या वाट्याचं उत्पन्न बापाच्या थाटात खर्ची पडत होतं. सज्ञान झाल्यावर आयरीनने आपला वाटा मागितला, पुढे सिंथियानेही. कर्झन संतापला, संबंध तुटण्यापर्यंत गोष्ट गेली. २० मार्च १९२५ रोजी तो वारला, त्या दिवशी धाकटीला एकवीस वर्षं पूर्ण झाली. चार वर्षांपूर्वी मिळालेली मार्क्विसची पदवी त्याच्याबरोबरच संपली.

सिंथियाचा नवरा ऑस्वाल्ड मोझली, पुढे ब्रिटिश फॅसिस्टांचा म्होरक्या. १९२९ मध्ये ती स्टोकमधून मजूर पक्षातर्फे कॉमन्समध्ये निवडून गेली. लॉर्ड कर्झनची लेक, आणि मजूर पक्षाची खासदार! १९३३ मध्ये ती गेली, वय चौतीस. तिच्या मुलांचं आयरीनने बघितलं.

आयरीनला बापाच्या मागे बॅरनी मिळाली, पण वारशाने किताब मिळालेल्या बायकांना लॉर्ड्समध्ये बसायची मुभा नव्हती. तहहयात सरदारकीचा कायदा १९५८ मध्ये झाला आणि पहिल्या चौदा नावांत चार बायका आल्या. त्यांत एक व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंगची विधवा होती आणि दुसरी आयरीन. अविवाहित आयरीन १९६६ मध्ये वारली. बॅरनी सिंथियाच्या मुलाकडे, कादंबरीकार निकोलस मोझलीकडे गेली आणि २०१७ मध्ये त्याच्या नातवाकडे. कर्झनचा जो एक किताब त्याच्या थेट वंशजांकडे आजही आहे, तो मुलींमुळे.