धूप, वारा आणि सोपाऱ्याचा पूर्ण

कथा : ‘दिव्यावदान’ या संस्कृत बौद्ध ग्रंथातले पूर्णावदान.

नायक : शूर्पारकचा, म्हणजे आजच्या नालासोपाऱ्याचा व्यापारी पूर्ण, पुढे भिक्खू.

वारा : व्यापाऱ्यांनी गोशीर्ष जातीचे चंदन तोडल्याने चिडलेल्या महेश्वर यक्षाने भर समुद्रात वादळ सोडले. त्यांनी पूर्णाचा धावा करताच तो ध्यानबळाने प्रकटला, जहाजाच्या काठावर मांडी घालून बसला, वारा पडला.

गंध : त्याच चंदनाचा प्रासाद शूर्पारकात उभा राहिला. बुद्धांना आमंत्रण म्हणून पूर्णाने फुले आणि धूप अर्पण केले. धुपाचा ढग हवेतूनच श्रावस्तीच्या जेतवनात पोहोचला!

पुरावा : कथा चमत्काराची, पण सोपाऱ्याचा स्तूप खराखुरा. १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजींनी ‘बुरूड राजाचा कोट’ या नावाने ओळखला जाणारा हा स्तूप खणला, तेव्हा दगडी पेटीत एकात एक ठेवलेले करंडक आणि सोन्याची फुले सापडली.