चाळिशी लागली, बिघडलं काय?

साक्षरतेच्या वर्गात एक गोष्ट पुष्कळदा दिसते. नवी आलेली एखादी मावशी पहिले चार दिवस मोठ्या उत्साहाने येते. फळ्यावरची मोठी अक्षरे ती ओळखते. पण हातात पुस्तक आले की अडते. पुस्तक लांब धरते, दिव्याखाली नेते, डोळे चोळते. शेवटी म्हणते, "जाऊ द्या, गुरुजी. या वयात कसलं आलंय शिकणं! डोक्यात काही शिरत नाही." दुसऱ्या दिवसापासून तिची जागा रिकामी.

आता तुम्हीच सांगा, जिला फळा वाचता येतो तिच्या डोक्यात काही शिरत नाही, असे कसे होईल? अडचण डोक्याची नाही, डोळ्यांची आहे. मावशीला चाळिशी लागली आहे, एवढेच!

वाचायच्या चष्म्याला आपण 'चाळिशी' म्हणतो. चाळीस वर्षांच्या सुमारास तो लागतो, म्हणून हे नाव पडले. म्हणजे आपल्या वाडवडिलांनाही हे ठाऊक होते. हा बदल कुणा एकट्यावर येत नाही. सावकार असो, नाहीतर त्याच्याकडचा सालगडी असो, वयाबरोबर दोघांचेही डोळे बदलतात.

डोळ्यात काय बदलते?

डोळ्याच्या मधोमध जो काळा ठिपका दिसतो, त्याला बाहुली म्हणतात. तिच्या मागे एक स्वच्छ, पारदर्शक भिंग असते. मसुरीच्या डाळीसारखा त्याचा आकार. लहानपणी हे भिंग मऊ असते. लांबचे झाड पाहताना ते चपटे होते. जवळची सुई पाहताना ते फुगते. हे काम आपोआप होते, आपल्याला पत्ताही लागत नाही.

वय वाढते तसे हे भिंग कडक होत जाते. मग त्याला पुरेसे फुगता येत नाही. लांबचा डोंगर दिसतो, रस्त्याने येणारी एस.टी. दिसते. पण सुईत दोरा ओवता येत नाही. तांदळातला खडा दिसत नाही. हात लांब करून वाचावे लागते. पुढे पुढे वाटते, आपला हातच आखूड पडतो आहे!

हा रोग नव्हे. फार शिवणकाम केले म्हणून हे होत नाही, आणि मागच्या जन्मीच्या पापानेही होत नाही. केस पिकतात, तसेच हे आहे.

झाकली मूठ

तरीही माणसे हे लपवतात. बाई म्हणते, "चष्मा लावला तर लोक म्हातारी म्हणतील." पुरुष म्हणतो, "कारखान्यात कळलं तर काम जाईल." कुणी म्हणते, "एकदा चष्मा लावला की डोळे आणखी बिघडतात."

यातली शेवटची समजूत तर साफ चुकीची आहे. चष्म्याने डोळे बिघडत नाहीत. न लावल्याने भिंग पुन्हा मऊ होत नाही. वाढत्या वयाबरोबर नंबर वाढतोच, चष्मा लावा की न लावा. साठीच्या आसपास तो बहुधा स्थिर होतो.

झाकली मूठ सव्वा लाखाची, असे आपण म्हणतो. पण डोळ्यांच्या बाबतीत ही झाकली मूठ महागात पडते. औषधाच्या बाटलीवरची तारीख दिसत नाही. फवारणीच्या औषधाचे माप चुकते. आणि सर्वांत वाईट म्हणजे, कष्टाने सही शिकलेला माणूस पुन्हा अंगठा उठवू लागतो. कागद पुढे आला की म्हणतो, "तुम्हीच वाचा हो, माझा विश्वास आहे." खरे तर त्याला अक्षर दिसत नसते आणि तसे सांगायची लाज वाटते. या लाजेपायी जमिनीच्या कागदावर भलतेच काही लिहून घेतले गेले, तर दोष कुणाला द्यायचा?

चष्म्याने काय साधते?

आसामात चहाचे मळे आहेत. चहाची कोवळी पाने हाताने खुडावी लागतात. तिथे चाळिशी ओलांडलेल्या सुमारे ७५० मजुरांवर एक प्रयोग झाला. जवळचे नीट न दिसणारे मजूर त्यासाठी निवडले. निम्म्यांना लगेच चष्मे दिले, बाकीच्यांना प्रयोग संपल्यावर. दोघांनी रोज किती पाने खुडली ते तोलून पाहिले. चष्मेवाल्यांचे काम इतरांपेक्षा सुमारे २१ टक्क्यांनी जास्त वाढले. ही माहिती २०१८ साली प्रसिद्ध झाली. विचार करा, हात तेच, मळा तोच. फरक फक्त एका साध्या चष्म्याचा!

दुसरी गोष्ट जुनी आहे. अमेरिकेत बेंजामिन फ्रँकलिन नावाचे मोठे पुढारी होऊन गेले. त्यांना लांबचे पाहायला एक आणि जवळचे पाहायला दुसरा, असे दोन चष्मे लागत. सारखी अदलाबदल करून ते कंटाळले. मग त्यांनी दोन्ही भिंगे अर्धी अर्धी कापवून एकाच चौकटीत बसवून घेतली. वरून लांबचे पाहायचे, खालून जवळचे. १७८५ साली एका मित्राला त्यांनी हे पत्राने कळवले. जेवताना ताटातले अन्नही दिसते आणि समोर बसलेल्यांचे चेहरेही दिसतात, याचा त्यांना आनंद वाटे. तेव्हा त्यांचे वय होते ७९. वयाला नावे ठेवीत ते बसले नाहीत, आणि तरुण असल्याचे सोंगही त्यांनी आणले नाही. डोळे बदलले, म्हणून चष्मा बदलला.

आता काय करावे?

चाळिशी जवळ आली की एकदा डोळे तपासून घ्यावेत. सरकारी रुग्णालयात किंवा गावच्या नेत्रशिबिरात तपासणी होते. कुठे जावे ते आशाताईला विचारावे. नवऱ्याचा चष्मा बायकोने किंवा सासूचा सुनेने लावू नये. ज्याचा नंबर त्याला. डोळ्यांत मध, कांद्याचा रस असले काही घालू नये.

तपासणीचा आणखी एक फायदा आहे. सगळेच अंधुक दिसणे म्हणजे चाळिशी नव्हे. लांबचे आणि जवळचे दोन्ही धुरकट दिसत असेल, तर मोतीबिंदू असू शकतो. तो शस्त्रक्रियेने काढता येतो. काचबिंदू मात्र बहुधा गुपचूप येतो आणि गेलेली नजर परत मिळत नाही. म्हणून तो लवकर सापडलेला बरा. मधुमेह असलेल्यांनी तर दर वर्षी डोळे दाखवावेत. डोळा एकाएकी दुखून लाल झाला किंवा अचानक दिसेनासे झाले, तर त्याच दिवशी दवाखाना गाठावा.

चष्मा मिळाल्यावर पहिले काही दिवस चुकल्यासारखे वाटते. वाचायचा चष्मा लावून चालले की जमीन खालीवर झाल्यासारखी दिसते. म्हणून तो वाचताना, निवडताना, शिवतानाच लावावा.

आणि घरच्यांनीही एक करावे. आजी चष्मा लावून बसली की पोरे हसतात. त्यांना हसू द्या, पण टोमणे मारू नका. सूनबाईने म्हणावे, "आत्याबाई, एवढं पत्र वाचून दाखवा बरं." म्हणजे त्यांची भीड चेपेल.

अंगात होणारे बदल आपल्याला विचारून येत नाहीत. डोळे बदलतात, गुडघे बदलतात, कान बदलतात. पण त्यात कमीपणा काही नाही. "मला जवळचं दिसत नाही," एवढे चार शब्द मोकळेपणाने बोलता आले, की पुढची वाट सोपी होते. तुमच्या वर्गातून अशी एखादी मावशी, एखादे काका निघून गेले असतील, तर आज संध्याकाळी त्यांच्या घरी जा. त्यांना म्हणा, "शिकणं राहू द्या बाजूला. आधी डोळे तपासून येऊ, चला."