शासकीय परिपत्रके आणि सेवानियमांची चौकट

बारामती आणि इंदापूर हे पुणे जिल्ह्यातील दोन तालुके एकाच महसूल उपविभागात मोडतात. तहसील कार्यालये, पंचायत समित्या, प्राथमिक शाळा आणि नीरा डाव्या कालव्यावरील कार्यालये यांत काम करणारा मोठा सेवकवर्ग येथे आहे. त्यांच्या टेबलावर परिपत्रके आणि शासन निर्णय सतत येत असतात. त्यांतील प्रत्येक कागदाचा अधिकार सारखाच असतो काय, हा प्रश्न बदली, बढती, रजा किंवा निवृत्तिवेतन यांचा प्रसंग आला म्हणजे ऐरणीवर येतो.

अधिकाराची उतरंड

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद 309 अन्वये शासकीय सेवेत भरती आणि सेवेच्या शर्ती विधिमंडळ कायद्याने ठरवू शकते. असा कायदा होईपर्यंत याच अनुच्छेदाच्या परंतुकानुसार राज्यपाल नियम करतात. महाराष्ट्र नागरी सेवा (रजा) नियम, 1981 आणि (निवृत्तिवेतन) नियम, 1982 हे अशा नियमांपैकी होत. जिल्हा परिषदेच्या सेवकांचे नियम 1961 च्या जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियमाखाली केलेले आहेत.

परिपत्रकाचा उगम याहून वेगळा आहे. ते अनुच्छेद 162 मधील कार्यकारी अधिकारातून निघते. म्हणून सर्वांत वर संविधान, त्याखाली कायदा, मग नियम आणि शेवटी कार्यकारी सूचना, असा हा क्रम लागतो.

रिकामी जागा भरता येते

संतराम शर्मा विरुद्ध राजस्थान राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1967 मध्ये हे सूत्र स्पष्ट केले. एखाद्या मुद्द्यावर नियम मौन असतील तर शासन सूचना काढून ती उणीव भरून काढू शकते. मात्र अशा सूचनांनी नियम बदलता येत नाहीत किंवा बाजूस सारता येत नाहीत.

महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या सेवाज्येष्ठतेचा वाद या संदर्भात महत्त्वाचा आहे. थेट भरतीने आलेले आणि बढतीने आलेले उपअभियंते यांच्यातील हा वाद सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1990 मध्ये निकालात काढला. नियम मौन असतील तर भरतीच्या निरनिराळ्या मार्गांचे प्रमाण कार्यकारी सूचनांनी ठरविता येते, असे या निर्णयात म्हटले आहे. नियमांना अनुसरून न झालेली, केवळ तात्पुरती सोय म्हणून केलेली नेमणूक ज्येष्ठतेसाठी धरता येत नाही, असेही त्यात सांगितले आहे. म्हणजे नियमांचे बंधन शासनावर आहे तसेच लाभ घेणाऱ्यावरही आहे.

नियमही सर्वश्रेष्ठ नव्हेत. याच सेवेतील ज्येष्ठतेचा एक नियम समानतेच्या तत्त्वाशी विसंगत म्हणून पटवर्धन खटल्यात 1977 मध्ये रद्द ठरला होता.

व्यवहारातील उदाहरणे

समजा, इंदापूरच्या तहसील कार्यालयातील एका लिपिकाने अर्जित रजा मागितली. रजा हक्क म्हणून मागता येत नाही. कामाची निकड असेल तर ती नाकारता येते. परंतु मागितलेली आणि शिल्लक असलेली रजा, सेवकाची लेखी विनंती नसता, अर्धवेतनी करण्याचा अधिकार नियमांनी दिलेला नाही. ‘या महिन्यातील सर्व रजा अर्धवेतनी समजाव्यात’ असे कार्यालयीन परिपत्रक म्हणूनच टिकणार नाही. अर्ज कोणत्या नमुन्यात व किती दिवस आधी द्यावा, हे ठरविणारे परिपत्रक मात्र नियमांशी विसंगत नसेल तर योग्यच होय.

बदल्यांचेही तसेच आहे. 2005 च्या बदल्यांविषयीच्या अधिनियमाने सर्वसाधारणपणे तीन वर्षांचा पदावधी ठरविला असून मुदतपूर्व बदलीसाठी लेखी कारणे आवश्यक केली आहेत. ही अट पत्राने शिथिल होत नाही.

निवृत्तिवेतनाबाबत झारखंड राज्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये दिलेला निर्णय बोलका आहे. नियमाचा आधार नसताना केवळ कार्यकारी सूचनेवरून निवृत्तिवेतन किंवा उपदान रोखता येणार नाही, असे न्यायालयाने ठरविले. महाराष्ट्रात 1982 च्या नियमांतच कार्यवाही प्रलंबित असताना तात्पुरते निवृत्तिवेतन देण्याची आणि उपदान थांबविण्याची तरतूद आहे. येथे आधार नियमाचा आहे, हा फरक ध्यानी घ्यावा.

कागद कसा वाचावा

परिपत्रक हाती आल्यावर तीन गोष्टी पाहाव्यात: या विषयावर नियम आहे काय, असल्यास परिपत्रक त्याला पूरक आहे की विसंगत, आणि नियम शिथिल करण्याचा अधिकार नियमांतच दिलेला आहे काय. विसंगती आढळल्यास आदेश परस्पर धुडकावू नये. नियमाचा क्रमांक देऊन वरिष्ठांकडे लेखी निवेदन करावे. त्याने न्याय मिळाला नाही तर राज्य शासकीय कर्मचाऱ्यांना 1991 पासून कार्यरत असलेल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. जिल्हा परिषदेच्या सेवकांना हे न्यायाधिकरण खुले नाही. त्यांना विहित अपील आणि त्यानंतर उच्च न्यायालय हा मार्ग आहे.

परिपत्रकांवाचून दैनंदिन कारभार चालणार नाही, हे खरेच. परंतु बारामतीतील शिक्षकाला आणि मंत्रालयातील सचिवाला आपापला हक्क व मर्यादा आधीच ठाऊक असावी, यासाठीच नियम राजपत्रात प्रसिद्ध होतात. परिपत्रकाने त्या नियमांची वाट सुकर करावी. ती बदलावयाची असेल तर नियमच रीतसर दुरुस्त केले पाहिजेत.