अकरा गुणांचं अजिंक्यपद

2002 सालच्या जागतिक सुपरबाइक स्पर्धेत एकूण 26 शर्यती झाल्या. ऑस्ट्रेलियाच्या ट्रॉय बेलिसने त्यातल्या 14 जिंकल्या, अमेरिकेच्या कॉलिन एडवर्ड्सने 11, आणि एक जपानच्या माकोतो तामादाने. विश्वविजेता ठरला एडवर्ड्स. माझ्याकडे काम शिकायला येणाऱ्या पोरांना हे सांगितलं की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो, "मालक, चौदा जिंकणारा हरला कसा?"

मी कोल्हापूरला उद्यमनगरात दुचाकीचं गॅरेज चालवतो. रोजचं काम स्प्लेंडर, पल्सर, बुलेट यांचं. टॅपेट सेट करायचे, क्लचप्लेट बदलायच्या, टायमिंग चेनचा आवाज ऐकून हेड खोलायचं की नाही ते ठरवायचं. सुपरबाइकच्या शर्यती मला आवडतात त्या याच कामामुळे. त्यात धावणारी गाडी ही मुळात दुकानात विकायला असलेली गाडी असते. मोटोजीपीत कंपन्या केवळ शर्यतीसाठी यंत्र बांधतात आणि ते कोणाला विकत नाहीत. सुपरबाइकमध्ये आधी रस्त्यावर चालणारी गाडी ठरलेल्या संख्येने बनवून बाजारात आणावी लागते. मगच तिला शर्यतीची मान्यता मिळते. चेसिस तीच, इंजिनाचा केस तोच, बाहेरून दिसणारा आकार तोच. सस्पेन्शन, सायलेन्सर, चाकं, ब्रेक बदलता येतात, इंजिनाच्या आतही हात घालता येतो, पण मर्यादेत. म्हणजे मिस्त्रीला जे काम रोज करायचं असतं, तेच काम इथे जगातले सर्वांत कसबी लोक करत असतात: कंपनीने दिलेल्या गाडीतून आणखी किती निघतं ते बघणं.

ही कल्पना स्टीव्ह मॅकलॉफ्लिन या अमेरिकन माजी शर्यतपटूची. 1988 साली स्पर्धा सुरू झाली आणि पहिली दोन्ही अजिंक्यपदं फ्रेड मर्केलने होंडावर मिळवली. त्यानंतर मात्र इटलीच्या डुकाटीने अशी पकड घेतली की 1990 ते 1999 या दहा वर्षांत फक्त दोनदा अजिंक्यपद तिच्या हातून गेलं. एकदा कावासाकीकडे, एकदा होंडाकडे. एकट्या कार्ल फॉगर्टीने डुकाटीवर चार अजिंक्यपदं मिळवली.

या यशामागे नियमाचा मोठा भाग होता, तो समजून घेतला पाहिजे. चार सिलिंडरच्या गाडीला 750 सीसीची मर्यादा होती आणि दोन सिलिंडरच्या गाडीला 1000 सीसीची. हे वरवर अन्यायाचं वाटतं. पण चार छोटे पिस्टन दोन मोठ्या पिस्टनपेक्षा फार जास्त वेगाने फिरू शकतात. इंजिनाची ताकद मिनिटाला किती मिश्रण जळतं यावर ठरते, त्यामुळे कमी फिरणाऱ्या दोन सिलिंडरला जादा सीसी देऊन बरोबरी साधायची, असा हिशेब होता. सुरुवातीला तो जमलाही. डुकाटीने मात्र दोन सिलिंडरचं इंजिन इतकं सुधारलं की जादा सीसी हा तिचा फायदाच झाला. शिवाय दोन सिलिंडरच्या गाडीचा जोर खालपासून मिळतो, वळणातून बाहेर पडताना मागचा टायर जमीन धरून राहतो.

डुकाटीचं दुसरं बळ म्हणजे तिचे व्हॉल्व्ह. आपल्या गाड्यांत कॅम व्हॉल्व्ह उघडतो आणि स्प्रिंग तो बंद करते. इंजिन फार फिरलं की स्प्रिंगला वेळ पुरत नाही, व्हॉल्व्ह नीट बसायच्या आत पुढचा फेरा येतो. डुकाटीच्या सुपरबाइकमध्ये व्हॉल्व्ह बंद करायलाही वेगळा कॅम असतो, स्प्रिंगच्या भरवशावर राहावं लागत नाही. फाबियो तालिओनी या अभियंत्याने 1950च्या दशकात ही रचना डुकाटीत आणली आणि सुपरबाइकच्या गाड्यांत कंपनीने ती सोडली नाही. असं हेड सेट करणं अतिशय किचकट असतं. उघडण्याचं अंतर वेगळं, बंद होण्याचं वेगळं, आणि दोन्ही जुळले पाहिजेत. ज्यांनी ते वर्षानुवर्षं शर्यतीत बिनचूक चालवलं, त्यांच्याबद्दल माझ्या मनात फार आदर आहे.

होंडाने बरीच वर्षं आपल्या चार सिलिंडरच्या 750 सीसी गाडीवर जीव लावला. शेवटी 2000 साली तिने स्वतः दोन सिलिंडरची 1000 सीसीची व्हीटीआर एसपी-1 काढली. डुकाटीला डुकाटीच्याच मैदानात गाठायचं, एवढा एकच हेतू. 999 सीसी, 90 अंशांतले दोन सिलिंडर, आणि कॅम फिरवायला चेनऐवजी गिअर. या गाडीवर एडवर्ड्सने पहिल्याच वर्षी अजिंक्यपद मिळवलं. 2001 साली बेलिसने ते डुकाटीकडे परत आणलं. 2002 ला दोघे समोरासमोर आले: डुकाटी 998 वर 1 नंबर लावलेला बेलिस, सुधारलेल्या एसपी-2 वर 2 नंबर लावलेला एडवर्ड्स. हा 750 आणि 1000 च्या जुन्या नियमाचा शेवटचा मोसम होता. 2003 पासून चार सिलिंडरलाही 1000 सीसी मिळणार होते.

बेलिस मला जवळचा वाटतो. न्यू साउथ वेल्समधल्या तारी नावाच्या गावचा हा माणूस गाड्या रंगवण्याचं काम करायचा आणि शर्यतीत गंभीरपणे उतरला तेव्हा विशी ओलांडून गेली होती. 2000 साली फॉगर्टी फिलिप आयलंडला पडून जखमी झाला, त्याची कारकीर्द तिथेच संपली, आणि त्याच्या जागी डुकाटीने बेलिसला बोलावलं. आलेली संधी त्याने दोन्ही हातांनी पकडली. एडवर्ड्स टेक्सासचा. लहान वयापासून गाडीवर, डोकं थंड, हात हलका. बेलिसची गाडी वळणात मागून सरकताना दिसते, तर एडवर्ड्सचं चालवणं इतकं सफाईचं की तो किती जोरात आहे हे घड्याळ बघितल्याशिवाय कळत नाही.

मोसम व्हॅलेन्सियाला सुरू झाला. तेव्हा प्रत्येक ठिकाणी रविवारी दोन शर्यती असायच्या, प्रत्येक साधारण 100 किलोमीटरची. बेलिसने व्हॅलेन्सियाच्या दोन्ही जिंकल्या, मग घरच्या फिलिप आयलंडच्या दोन्ही, मग दक्षिण आफ्रिकेतल्या क्यालामीच्या दोन्ही. सहा पैकी सहा. जपानमध्ये सुगोला एक शर्यत एडवर्ड्सला मिळाली, दुसरी तामादाला. पुढे मोन्झाच्या दोन्ही पुन्हा बेलिसच्या. जुलैत अमेरिकेत लगूना सेकाची पहिली शर्यतही त्याने जिंकली आणि एडवर्ड्सच्या तो 58 गुण पुढे गेला.

आता गुणांची पद्धत बघा, कारण सगळी गोष्ट त्यात आहे. पहिल्याला 25, दुसऱ्याला 20, तिसऱ्याला 16, चौथ्याला 13, असं पंधराव्यापर्यंत उतरत जातं. लगूना सेकाच्या दुसऱ्या शर्यतीपासून मोसम संपेपर्यंत नऊ शर्यती उरल्या होत्या. एडवर्ड्सने त्या नऊच्या नऊ जिंकल्या. लगूना, ब्रँड्स हॅच, ओशर्सलेबेन, असेन, इमोला. याहून जास्त कोणी काही करू शकत नाही. पण कागदावर मांडून बघितलं तर तेवढंही त्याला पुरेसं नव्हतं! बेलिस नऊही वेळा नुसता दुसरा आला असता तर दर शर्यतीला पाचच गुण कमी झाले असते, म्हणजे 45. अठ्ठावन्नातून 45 गेले तरी बेलिस 13 गुणांनी विजेता. एडवर्ड्सला सगळं जिंकायचं होतं आणि वर समोरच्याची चूक व्हायची वाट बघायची होती. ती होईल याची कसलीही खात्री नसताना त्याने दर रविवारी गाडी तितक्याच जोरात आणि तितक्याच सफाईने चालवली. मला या मोसमातली सर्वांत अवघड गोष्ट हीच वाटते.

चूक झाली नेदरलँड्समध्ये, असेनला. ही फार जुनी जागा, 1925 पासून त्या परिसरात मोटरसायकलची शर्यत होते, आणि तिथल्या वेगवान वळणांवर भल्याभल्यांचा कस लागतो. दुसऱ्या शर्यतीला सुरुवात झाली तेव्हा बेलिस 24 गुणांनी पुढे होता. त्या शर्यतीसह तीनच शर्यती उरल्या होत्या. तीनही वेळा दुसरा क्रमांक मिळाला असता तरी अजिंक्यपद त्याचंच होतं. पण दुसऱ्या क्रमांकासाठी गाडी चालवणं हे त्याच्या स्वभावात नव्हतं. तो पडला. त्याला शून्य, एडवर्ड्सला 25. बाराव्या ठिकाणाहून सगळे निघाले तेव्हा एडवर्ड्स एका गुणाने पुढे होता.

मी बेलिसला दोष देत नाही. ज्या जोराने त्याने 14 शर्यती जिंकल्या त्याच जोराने तो असेनला गेला. तो जोर हवा तेव्हा लावायचा आणि नको तेव्हा काढायचा, हे सांगणं सोपं आहे. पण एडवर्ड्सचा मोसम बघितला की माझं माप त्याच्याकडे झुकतं. व्हॅलेन्सियाची पहिली शर्यत सोडली तर उरलेल्या पंचवीसही शर्यतींत तो पहिल्या तिघांत होता. बेलिस सलग सहा जिंकत होता तेव्हाही तो दुसरा-तिसरा येऊन गुण गोळा करत राहिला. त्या वसंतात त्याच्याकडे कोणाचं फारसं लक्ष नव्हतं, पण सप्टेंबरमध्ये उपयोगी पडले ते तेव्हाचे गुण.

29 सप्टेंबरला इमोला. डुकाटीचा कारखाना बोलोन्याला, तिथून इमोला चाळीसेक किलोमीटरवर. म्हणजे बेलिसच्या कंपनीचं घरचं अंगण, चढउतारांचा, घड्याळाच्या उलट्या दिशेने धावणारा ट्रॅक, आणि डुकाटीच्या लाल रंगाने भरलेल्या टेकड्या. पहिली शर्यत एडवर्ड्सने जिंकली, बेलिस दुसरा. आघाडी सहा गुणांची झाली. आता शेवटच्या शर्यतीत बेलिस पहिला आणि एडवर्ड्स दुसरा आला असता, तरी एडवर्ड्स एका गुणाने विजेता होता. बेलिसला नुसतं जिंकून भागणार नव्हतं, दोघांच्या मध्ये तिसऱ्या कोणीतरी शिरायला हवं होतं. एडवर्ड्सला गाडी दुसऱ्या क्रमांकावर ठेवून घरी जाता आलं असतं. त्याने तसं केलं नाही. दोघे पुन्हा पुन्हा एकमेकांच्या पुढे गेले, एकमेकांना घासले, दोघांनीही जागा सोडली नाही, आणि शेवटी एडवर्ड्सच पुढे राहिला. शर्यत संपल्यावर दोघांनी ट्रॅकवरच गाड्या थांबवून हात मिळवले. अंतिम गुण: एडवर्ड्स 552, बेलिस 541.

त्याच उन्हाळ्यात एडवर्ड्सने दाइजिरो कातोबरोबर याच जातीच्या होंडावर सुझुकाची आठ तासांची शर्यतही जिंकली होती. एक गाडी 100 किलोमीटर जीव तोडून पळते आणि आठ तासही टिकते, हे ऐकलं की माझ्यातला मिस्त्री खूश होतो. मोसमानंतर मात्र दोघेही मोटोजीपीला गेले, एडवर्ड्स एप्रिलियाकडे, बेलिस डुकाटीबरोबर. एडवर्ड्सला तिथे एकही शर्यत जिंकता आली नाही. बेलिस परत सुपरबाइकला आला आणि 2006 व 2008 साली पुन्हा विश्वविजेता झाला.

आपला या खेळाशी संबंध नाही असं कोणी समजू नये. 2002 ला आमच्या गॅरेजात पल्सरच नवी होती आणि 998 फक्त चित्रात दिसायची. 2017 साली सुपरबाइकच्या जोडीने 300 गटाची जागतिक स्पर्धा सुरू झाली आणि त्यात केटीएमची आरसी 390 धावली. आरसी 390 पुण्याजवळ चाकणला बनते. शर्यतीची मान्यता मिळवायला कंपनीने तिची 500 गाड्यांची खास आवृत्ती काढली. माझ्याकडे सर्व्हिसिंगला येणारी गाडी आणि असेनला, इमोलाला धावलेली गाडी यांचं मूळ एकच, हे पोरांना सांगताना मला अभिमान वाटतो. याच गटात 2018 साली स्पेनची आना कारास्को कावासाकीवर जिंकली. रस्ता शर्यतीत एकटीने जागतिक अजिंक्यपद मिळवणारी ती पहिली स्त्री. शेवटच्या शर्यतीत ती तेरावी आली. तेराव्या क्रमांकाचे तीन गुण मिळाले आणि ती एका गुणाने पुढे राहिली. तिथेही निकाल लागला तो तेराव्या जागेसाठी शेवटपर्यंत झगडल्यामुळे.

2002 चा मोसम बघायचा असेल तर लोक इमोलाची दुसरी शर्यत बघायला सांगतात. ती बघाच. पण आधी असेनची दुसरी बघा, आणि ती बघताना बेलिस किती गुणांनी पुढे आहे ते एका कागदावर लिहून समोर ठेवा.