लॉरेन्स वेल्क यांची शनिवारची मैफल

अमेरिकेच्या नॉर्थ डकोटा राज्यातील स्ट्रासबर्ग गावानजीक, ओडेसा परिसरातून आलेल्या जर्मनभाषी शेतकरी कुटुंबात १९०३ साली जन्मलेल्या लॉरेन्स वेल्क यांना वडिलांनी ४०० डॉलरांचे अकॉर्डियन घेऊन दिले ते एकविसाव्या वर्षापर्यंत शेतावर राबण्याच्या करारावर. आणि तो करार निष्ठेने पाळूनच त्यांनी घर सोडले. दिलेला शब्द पाळण्याची ही वृत्ती पुढे त्यांच्या वाद्यवृंदाचा स्थायीभाव झाली.

नृत्यगृहांतून गाजलेला हा वृंद १९५१ साली लॉस एंजेलिसच्या स्थानिक दूरचित्रवाणीवर अवतरला, आणि २ जुलै १९५५ पासून एबीसी वाहिनीमार्फत दर शनिवारी अवघ्या देशाला दिसू लागला. हलक्या, फेसाळ चालींमुळे ‘शॅम्पेन संगीत’ हे नाव रूढ झालेले, आणि त्यास शोभेल असे बुडबुडे सोडणारे यंत्र रंगमंचावर सज्ज. मायरन फ्लोरेन यांचे अकॉर्डियन, चौघी लेनन भगिनींचे गायन, १९६४ पासून आर्थर डंकन यांचे टॅप नृत्य, आणि या सर्वांवर वेल्क यांचा कडक अंमल! रॉक संगीताचा बोलबाला असताना, १९६१ साली, त्यांच्या ‘कलकत्ता’ या वाद्यरचनेने अमेरिकेच्या लोकप्रियतेच्या यादीत अग्रस्थान पटकावले.

तथापि १९७१ साली एबीसीने कार्यक्रम बंद केला. श्रोत्यांची वाण नव्हती. परंतु ते वयस्क, ग्रामीण, आणि म्हणून तरुण ग्राहकांच्या शोधात असलेल्या जाहिरातदारांच्या हिशेबी गौण ठरले होते. वेल्क यांनी मात्र दाद मागत बसण्याऐवजी देशभरच्या स्थानिक केंद्रांशी स्वतंत्र करार करून दोनशेहून अधिक केंद्रांवर हीच मैफल पुन्हा उभी केली, व ती १९८२ पर्यंत अखंड चालविली. पुढे १९८७ पासून ओक्लाहोमाच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीच्या पुढाकाराने जुने भाग पुनःप्रसारित होऊ लागले, आणि १९९२ साली वेल्क निवर्तले तरी तो शिरस्ता मोडला नाही.

समीक्षकांनी या संगीतास गतानुगतिक म्हणून हिणवले. पण नवतेचा ध्यास ही जशी कलेची एक प्रेरणा, तशीच ठरल्या दिवशी, ठरल्या वेळी, निर्दोष तालमीनिशी श्रोत्यांपुढे उभे राहणे हीही कलावंताची प्रतिज्ञाच होय, आणि बाजाराने ज्यांस हिशेबातून वगळले त्या वृद्धांस व खेडुतांस आदरणीय रसिक मानून ती आयुष्यभर पाळणाऱ्या वेल्क यांचे स्थान संगीताच्या इतिहासात आदरानेच नोंदविले पाहिजे.