एकाच दिवसात तीन टीमचा झालेला पिचर: १४ जर्सी घालणाऱ्या एडविन जॅक्सनची गोष्ट

२७ जुलै २०११. एडविन जॅक्सन सकाळी उठला तेव्हा तो शिकागो व्हाइट सॉक्सचा पिचर होता. त्याच दिवशी शिकागोने त्याला टोरंटो ब्लू जेजला देऊन टाकलं. टोरंटोची जर्सी अंगात चढवायच्या आतच टोरंटोने त्याला सेंट लुईस कार्डिनल्सकडे पाठवून दिलं.

एक दिवस, तीन टीम. आणि या सगळ्यासाठी जॅक्सनची परवानगी कुणालाच लागणार नव्हती.

आपण आयपीएल बघणारे लोक. आरोन फिंच ९ टीमकडून खेळला, त्यात आपली पुणे वॉरियर्ससुद्धा होती, तर आपण त्याच्यावर मीम बनवले. पण अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलमध्ये हा जॅक्सन तब्बल १४ टीमकडून खेळला. लीगमध्ये टीम आहेत ३०. म्हणजे गड्याने जवळपास निम्मी लीग पालथी घातली.

अशा खेळाडूला तिकडे 'जर्नीमन' म्हणतात. पहिल्यांदा ऐकलं की वाटतं, हा शब्द प्रवासावरून आला असणार. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर, तसा प्रकार. पण मूळ वेगळं आहे. हा शब्द 'दिवस' या अर्थाच्या फ्रेंच शब्दावरून आलाय. जुन्या काळी युरोपात काम शिकून झालेला, पण स्वतःचं दुकान नसलेला, रोजंदारीवर दुसऱ्याकडे राबणारा कारागीर म्हणजे जर्नीमन. ना शिकाऊ, ना उस्ताद.

जॅक्सनचं सगळं करिअर या एका शब्दात बसतं. कसं, ते बघू.

आधी दोन मिनिटांत बेसबॉल

पिचर म्हणजे आपला बॉलर, पण टप्पा नाही. साडेसाठ फुटांवरून बॉल थेट बॅटरकडे फेकायचा. बॅटरला तीन स्ट्राइकमध्ये बाद केलं तर 'स्ट्राइकआउट'. ठरलेल्या चौकटीबाहेर चार बॉल गेले तर बॅटरला फुकटात पहिला बेस मिळतो, त्याला 'वॉक' म्हणतात. आपल्या वाइडसारखं, फक्त जास्त महाग.

मॅच ९ इनिंगची असते. एका टीमच्या सीझनमध्ये १६२ मॅच. एवढ्या मॅच एकटा पिचर टाकूच शकत नाही, हात कामातून जाईल. म्हणून साधारण पाच 'स्टार्टर' पिचर ठेवतात आणि ते आळीपाळीने मॅच सुरू करतात. एका मॅचमध्ये ९०-१०० बॉल झाले की त्याला बाहेर बोलावतात.

पिचर कसा आहे हे मोजायला 'ईआरए' नावाचा आकडा असतो. म्हणजे दर ९ इनिंगमागे पिचरच्या खात्यावर सरासरी किती रन पडले. जितका कमी तितका चांगला. ३ च्या आसपास म्हणजे भारी, ५ च्या पुढे म्हणजे नोकरी धोक्यात.

एवढं पुरे. आता गोष्टीवर येऊ.

विसाव्या वाढदिवसाचं गिफ्ट

जॅक्सनचा जन्म ९ सप्टेंबर १९८३ चा, जर्मनीतल्या नॉय-उल्म गावातला. वडील अमेरिकन सैन्यात होते आणि त्यांची पोस्टिंग तिकडे होती. पोरगा वाढला अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यात. २००१ मध्ये लॉस एंजेलिस डॉजर्सने त्याला ड्राफ्टच्या सहाव्या फेरीत घेतलं. तेव्हा तो मुळात आउटफिल्डर होता, पण त्याच्या हातातला वेग बघून टीमने त्याला पिचर बनवलं.

दोन वर्षांनी, ९ सप्टेंबर २००३ ला, त्याने मेजर लीगमध्ये पदार्पण केलं. बरोबर विसाव्या वाढदिवशी.

समोर होता अ‍ॅरिझोनाचा रँडी जॉन्सन. सहा फूट दहा इंच उंच, सर्वोत्तम पिचरला मिळणारा साय यंग पुरस्कार पाच वेळा जिंकलेला दिग्गज. त्याचा चाळिसावा वाढदिवस दुसऱ्याच दिवशी होता. जॅक्सनने ६ इनिंगमध्ये फक्त १ रन दिला आणि मॅच जिंकली.

सगळ्यांना वाटलं, डॉजर्सला पुढच्या पंधरा वर्षांचा हिरो मिळाला. डॉजर्सने त्याला जेमतेम अडीच वर्षांत सोडलं.

साडेपाच वर्षांत सहा ट्रेड

पुढची दोन वर्षं जॅक्सनची लय बिघडली. वेग होता, पण बॉल कुठे जाईल याचा भरवसा नव्हता. जानेवारी २००६ मध्ये डॉजर्सने त्याला टॅम्पा बेला दिलं. तिथे २००८ मध्ये त्याने १४ मॅच जिंकल्या आणि टॅम्पा पहिल्यांदा वर्ल्ड सीरिजपर्यंत, म्हणजे फायनलपर्यंत पोचली. बक्षीस? डिसेंबरमध्ये डेट्रॉइट टायगर्सला ट्रेड.

डेट्रॉइटमध्ये २००९ ला त्याचा ईआरए होता ३.६२. ऑल-स्टार संघात निवड झाली. बक्षीस? डिसेंबरमध्ये अ‍ॅरिझोनाला ट्रेड. त्या सौद्यात तीन टीम होत्या आणि डेट्रॉइटला जे खेळाडू मिळाले त्यात मॅक्स शेर्झर नावाचा एक तरुण पिचर होता. शेर्झरने पुढे तीन साय यंग जिंकले.

जॅक्सन चांगला खेळायचा म्हणून त्याला किंमत यायची, आणि किंमत यायची म्हणून त्याला पुढे पाठवलं जायचं. वाईट खेळल्यावर काढतात हे आपल्याला माहीत असतं. पण इथे चांगलं खेळणं हेसुद्धा बॅग भरायचं कारण होतं.

१४९ बॉलची ती मॅच

२५ जून २०१०. जॅक्सन अ‍ॅरिझोनाकडून खेळतोय. मॅच टॅम्पा बेच्या घरी आहे, म्हणजे ज्यांनी त्याला सोडलं त्यांच्याच मैदानावर.

सुरुवात इतकी खराब की पहिल्या तीन इनिंगमध्येच त्याने ७ वॉक दिले. तिसऱ्या इनिंगमध्ये एकही बाद नसताना तिन्ही बेस भरले होते. एरवी अशा पिचरला मॅनेजर कधीच बाहेर काढतो. पण जॅक्सन त्यातून एकही रन न देता सुटला.

आणि मग हळूहळू लोकांच्या लक्षात यायला लागलं की समोरच्या टीमला अजून एकही हिट मिळालेली नाही.

यालाच 'नो-हिटर' म्हणतात. पूर्ण ९ इनिंग एकाही बॅटरला हिट मिळू द्यायची नाही. मोठमोठ्या पिचरना आयुष्यात एकदाही हे जमत नाही. बॉलची संख्या शंभरच्या पुढे गेली, सव्वाशेच्या पुढे गेली. मॅनेजर ए. जे. हिंचने त्याला मैदानात राहू दिलं. शेवटी आकडा थांबला १४९ वर. ८ वॉक, शून्य हिट, १-० ने विजय.

नेटकी म्हणावी अशी ती मॅच नव्हती. धडपडत, अडखळत, पण शेवटपर्यंत. जॅक्सनच्या करिअरचा ट्रेलरच म्हणा.

इतिहासात नाव कोरल्यावर ३५ दिवसांनी अ‍ॅरिझोनाने त्याला शिकागो व्हाइट सॉक्सला ट्रेड केलं.

'नाही' म्हणायचा अधिकार कुणाला असतो?

आता तुम्ही म्हणाल, गडी नकार का देत नव्हता?

आयपीएलमध्ये ट्रेड करायचा असेल तर खेळाडूची संमती लागते. बेसबॉलमध्ये तसं नाही. मेजर लीगमध्ये पुरेशी सेवा, म्हणजे साधारण सहा वर्षं, होईपर्यंत खेळाडूवर टीमचा हक्क असतो. तोपर्यंत टीम त्याला कुठेही पाठवू शकते. करारातच नकाराधिकार लिहून घेतला असेल तर गोष्ट वेगळी, पण तो सहसा स्टार लोकांनाच मिळतो.

याविरुद्ध लढलेला माणूस म्हणजे कर्ट फ्लड. १९६९ मध्ये कार्डिनल्सने त्याला फिलाडेल्फियाला ट्रेड केलं. फ्लडने जायला नकार दिला. आपण काही खरेदी-विक्रीचा माल नाही, असं त्याचं म्हणणं होतं. प्रकरण अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टात गेलं. १९७२ मध्ये फ्लड हरला आणि त्याचं करिअरही तोवर संपलं होतं.

पण ठिणगी पडली होती. १९७३ मध्ये एक नियम आला. ज्या खेळाडूची मेजर लीगमध्ये १० वर्षं झालीत आणि त्यातली शेवटची सलग ५ एकाच टीममध्ये, तो ट्रेडला नाही म्हणू शकतो. १९७५ मध्ये एका लवादाच्या निकालाने 'फ्री एजंट' होण्याचा, म्हणजे करार संपल्यावर टीम निवडण्याचा रस्ताही उघडला.

आता यातली गंमत बघा. जॅक्सन १७ सीझन खेळला. १० वर्षांची अट त्याने आरामात पूर्ण केली. पण एका टीमने त्याला सलग ५ वर्षं कधी ठेवलंच नाही. म्हणजे ज्याला हलवलं जाण्यापासून वाचायची सगळ्यात जास्त गरज, त्यालाच हा नियम कधी लागू झाला नाही. नकाराचा अधिकार आधीच स्थिर असलेल्यांसाठी होता.

अंगठी, पैसा आणि घसरण

परत २०११ कडे येऊ. त्या एका दिवसाच्या उड्या जॅक्सनला फळल्या. कार्डिनल्सने त्याच वर्षी वर्ल्ड सीरिज जिंकली. फायनलची चौथी मॅच जॅक्सनने सुरू केली होती. ती हरली, पण चॅम्पियनची अंगठी मिळाली.

त्या सीझननंतर तो पहिल्यांदा फ्री एजंट झाला. दहा वर्षांत पहिल्यांदा कुठे खेळायचं हे तो स्वतः ठरवू शकत होता. एक वर्ष वॉशिंग्टनमध्ये काढलं आणि २०१३ साठी शिकागो कब्जने त्याला ४ वर्षांचा, ५ कोटी २० लाख डॉलरचा करार दिला. म्हणजे आता कुठे घर, शाळा, शेजार असं काही पक्कं होणार होतं.

आणि नेमकं तिथेच सगळं फिसकटलं. २०१३ मध्ये ८ विजय, १८ पराभव. २०१४ मध्ये ईआरए ६.३३. जुलै २०१५ मध्ये कब्जने त्याला सोडलं.

करार मात्र गॅरंटीचा होता, त्यामुळे पैसे देणं कब्जला भाग होतं. अशा वेळी दुसरी टीम खेळाडूला लीगच्या किमान पगारात घेऊ शकते. स्वस्तात अनुभवी हात मिळतोय, मग कोण सोडेल? अटलांटा, मायामी, सॅन दिएगो, बाल्टिमोर, पुन्हा वॉशिंग्टन. जर्सी बदलत राहिल्या. २०१६ मध्ये कब्जने १०८ वर्षांनी वर्ल्ड सीरिज जिंकली, तेव्हा जॅक्सनच्या कराराचं शेवटचं वर्ष चालू होतं आणि तो खेळत होता दुसरीकडे.

मग लोक त्याला घेत का होते?

कारण तो हजर असायचा. २००७ ते २०१३ अशी सलग सात वर्षं त्याने प्रत्येक सीझनमध्ये ३० पेक्षा जास्त मॅच सुरू केल्या. पिचरचे खांदे आणि कोपर ज्या वेगाने जायबंदी होतात ते बघता ही फार मोठी गोष्ट आहे. १६२ मॅचच्या सीझनमध्ये जादूगार एखादाच असतो, बाकी दिवस ढकलायला कुणीतरी लागतंच. आज पिचर नाही म्हणून मॅच रद्द होत नसते.

२०१८ मध्ये ओकलंडला असाच माणूस हवा होता. त्यांचे पिचर एकामागोमाग जखमी झाले होते. ३४ वर्षांचा जॅक्सन आला, १७ मॅच सुरू केल्या, ईआरए ३.३३. ओकलंड ९७ मॅच जिंकून प्लेऑफमध्ये गेली. ही त्याची तेरावी टीम. यासोबत त्याने ऑक्टाव्हिओ डोटेलच्या विक्रमाची बरोबरी केली. हा डोटेल कोण? २०११ च्या त्या दिवशी टोरंटोहून सेंट लुईसला गेलेल्या त्याच सौद्यात जॅक्सनसोबत असलेला पिचर.

मे २०१९ मध्ये चौदावी टीम मिळाली आणि विक्रम एकट्याच्या नावावर झाला. टीम कोणती? टोरंटो ब्लू जेज. ज्यांनी आठ वर्षांपूर्वी त्याला काही तासही ठेवलं नव्हतं, त्यांचीच जर्सी शेवटी अंगावर चढली. खेळ मात्र संपत आला होता. त्या सीझनचा त्याचा ईआरए साडेनऊच्या वर गेला.

तरी गडी थांबला नाही. टोकियो ऑलिम्पिकमध्ये, ३७ व्या वर्षी, तो अमेरिकेकडून खेळायला गेला आणि रौप्यपदक घेऊन आला. २०२२ मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली. २०२५ मध्ये ४५ वर्षांच्या रिच हिलने १४ टीमच्या विक्रमाची बरोबरी केली, त्यामुळे आता या यादीत दोघं आहेत.

१०७-१३३

जॅक्सनच्या करिअरचा हिशोब असा: १०७ विजय, १३३ पराभव, ईआरए ४.७८, स्ट्राइकआउट १,५०८. जिंकण्यापेक्षा हरणं जास्त. हॉल ऑफ फेममध्ये जाणाऱ्यांचे आकडे असे नसतात.

१४ टीमकडे दोन्ही बाजूंनी बघता येतं. १४ ठिकाणी त्याला कुणी कायमचं ठेवलं नाही, हे खरंय. पण १४ ठिकाणी कुणीतरी फोन करून सांगितलं की तू ये, आम्हाला तुझी गरज आहे, हेही तितकंच खरंय. आणि प्रत्येक वेळी तो नवीन शहरात, नवीन कॅचरसमोर, नवीन लॉकर उघडून मॅचला उभा राहिला.

आपल्यापैकी बहुतेक जण रँडी जॉन्सन होणार नसतात. कॉन्ट्रॅक्टवर काम करणारे, दर दोन वर्षांनी कंपनी आणि भाड्याची खोली बदलणारे आपण, जॅक्सनच्या गल्लीतलेच. त्याच्या गोष्टीतून 'मेहनत करा, सगळं मिळेल' असा धडा काही निघत नाही, कारण त्याला हवं तेव्हा हवं ते मिळालंच नाही. पण रोजंदारीवरचा कारागीरही एखाद्या दिवशी, ८ वॉक देऊन का होईना, १४९ बॉल टाकून इतिहासात जातो. पुढच्या महिन्यात त्याला दुसऱ्या गावी पाठवलं, तरी तो दिवस कुणी ट्रेड करू शकत नाही.