मांजराच्या खपल्या आणि घरातील पिसवा

मांजर मांडीवर येऊन बसते. तुम्ही त्याच्या पाठीवरून हात फिरवता आणि केसांखाली बोटांना बारीक बारीक कण लागतात. जणू कुणी बाजरीचे दाणे कातडीला चिकटवले आहेत. केस बाजूला करून पाहावे तर त्या खपल्या! मानेभोवती आणि शेपटीच्या बुडाशी दाट, बाकीच्या अंगावर तुरळक. मग घरात कुणीतरी निकाल देतो, "मांजराला खरूज झाली. पोत्यात घाला आणि ओढ्यापलीकडे सोडून या."

श्रोतेहो, हा निकाल बहुतेक वेळा चुकीचा असतो. अशा खपल्यांना पशुवैद्यकात 'मिलिअरी डर्मटायटिस' म्हणतात. लॅटिन भाषेत 'मिलियम' म्हणजे बाजरीसारखे बारीक तृणधान्य. म्हणजे आपल्या बोटांना जे वाटले तेच नाव शास्त्रानेही दिले. या खपल्या होण्याचे सर्वांत नेहमीचे कारण म्हणजे पिसू.

आता तुम्ही म्हणाल, "आम्ही मांजर सारे धुंडाळले, एकही पिसू दिसली नाही." बरोबर आहे. मांजर दिवसभर स्वतःला चाटत असते आणि सापडलेली पिसू गिळून टाकते. तेव्हा पिसू शोधू नका, तिची विष्ठा शोधा. बारीक दातांची फणी घेऊन मांजराचे केस विंचरा. फणीत काळे कण आले तर ते ओल्या पांढऱ्या फडक्यावर टाका. थोड्या वेळात कणाभोवती तांबूस डाग पसरला, तर ती साधी माती नव्हे. ते मांजराचेच रक्त आहे, पिसवेच्या पोटातून पचून बाहेर पडलेले.

पण एवढ्याशा किड्याने एवढ्या खपल्या कशा होतात? पिसू चावताना तिची लाळ कातडीत उतरते. काही मांजरांना ती लाळ सोसत नाही. अशा मांजराला दोनचार चावे झाले तरी साऱ्या अंगाला खाज सुटते. मग पुरळ उठते, मांजर चाटते, ओरबाडते आणि त्यावर खपली धरते. खपली हा रोग नव्हे, ती रोगाची खूण आहे. म्हणून नुसत्या खपलीवर मलम लावून भागत नाही.

आता खरी गोष्ट ऐका. आपण पिसवा मांजराच्या अंगावर शोधतो, पण त्यांचा मोठा संसार असतो आपल्या घरात. पिसवेची मादी रक्त प्यायल्यावर एकदोन दिवसांत अंडी घालू लागते आणि भरात असली की दिवसाला ४०-५० अंडी घालते. अंडी गुळगुळीत, केसांत टिकत नाहीत. पाभरीच्या नळ्यांतून बी पडावे तशी मांजर फिरेल तिथे ती पडत जातात. त्यांतून अळ्या निघतात. त्या उजेड टाळून जमिनीच्या भेगांत, गोणपाटाखाली, अंथरुणाच्या घडीत शिरतात आणि पुढे कोष करतात. उबदार, दमट हवेत हा सारा फेरा तीनचार आठवड्यांत पुरा होतो. मात्र कोषातली पिसू कित्येक महिने दबा धरून राहू शकते. पावलांचा धक्का, अंगाची ऊब, श्वासाची हवा लागली की ती बाहेर उडी घेते. मे महिन्याच्या सुटीत शाळेच्या अडगळीत मांजरी व्याली असेल, तर जूनमध्ये दार उघडताच गुरुजींच्या घोट्यांना पिसवा का चावतात, ते यावरून कळेल.

आता एक आठवण सांगतो. माझ्या लहानपणी आमच्या घरी एक करडी मांजरी होती. भाताच्या कणगीची राखण तिच्याकडे. एकदा तिच्या पाठीवर अशाच खपल्या धरल्या. गोठ्यासाठी आणलेले काळे फिनेल पाण्यात कालवून आईने तिला आंघोळ घातली. मांजरीने रीतीप्रमाणे सारे अंग चाटून वाळवले. रात्री तिच्या तोंडाला फेस आला, पाय लुळे पडले आणि सकाळी ती चुलीमागे थंड होऊन पडली होती. आईने केले ते मायेनेच केले होते. पण मांजराचे यकृत काही विषे आपल्यासारखी पचवू शकत नाही आणि त्याच्या अंगाला लावलेले सारे शेवटी त्याच्या पोटात जाते, हे आम्हा कुणाला ठाऊक नव्हते.

म्हणून फिनेल, रॉकेल, तंबाखूचे पाणी, पिकावरची औषधे मांजराला कधीही लावू नका. कुत्र्याचे पिसवांचे औषधही लावू नका. त्यातील काहींत परमेथ्रिन असते. कुत्र्याला ते चालते, मांजराला त्याने झटके येतात आणि ते दगावू शकते.

मग करावे काय? मांजराला पशुवैद्यकीय दवाखान्यात दाखवा. मानेवर, जिथे त्याची जीभ पोचत नाही तिथे, टाकायचे थेंब मिळतात. ते मांजरासाठीचेच आणि त्याच्या वजनाप्रमाणे घ्यावेत. घरातल्या सगळ्या मांजरांना आणि कुत्र्यालाही ज्याचे त्याचे औषध एकाच वेळी सुरू करा आणि डॉक्टर सांगतील तितके महिने चालू ठेवा. लहान पिलांना डॉक्टरांना विचारल्याशिवाय काही लावू नका. पिसवा फार झाल्या तर रक्त कमी होऊन पिले मरतात, तेव्हा उशीरही करू नका. दुसरीकडे घर आवरा. मांजर निजते ते फडके कढत पाण्यात धुऊन उन्हात टाका, कोपरे रोज झाडून केर जाळा, जमिनीच्या भेगा लिंपून घ्या. थेंब टाकल्यावरही काही आठवडे पिसवा दिसतील. त्या जुन्या कोषांतल्या. धीर सोडू नका.

सगळ्याच खपल्या पिसवांच्या नसतात. कानांच्या कडांवर जाड पापुद्रे धरले तर खरी खरूज असू शकते. केस जाऊन गोल चट्टे पडले तर नायटा असू शकतो आणि तो मुलांनाही लागतो. निदान डॉक्टरांनाच करू द्या.

शिक्षकांना एक विनंती. ओल्या फडक्याचा तो प्रयोग वर्गात मुलांना करून दाखवा. पैशाचा खर्च नाही. ज्या मुलाने तो तांबूस डाग पाहिला, ते मूल घरचे मांजर पोत्यात घालू देणार नाही.